शवासनातलं शव

'शवासन' या शब्दाचा विग्रह दोन प्रकारे होतो. 'शव हेच आसन' असा केला, तर आपण स्मशानात प्रेतावर बसलेल्या साधकाविषयी बोलत असतो. 'शवासारखं आसन' असा केला, तर योगवर्गाच्या शेवटी डोळे मिटून उताण्या पडलेल्या माणसाविषयी. समास होताना मधलं 'सारखं' गळून जातं, ते वाचणाऱ्याने आपलं आपण भरून काढायचं असतं. मी मराठीतून हिंदीत अनुवाद करते, दिल्लीला लागून असलेल्या नोएडात राहते. या गळालेल्या 'सारखं'ने मला बरेच दिवस अडवून धरलं होतं. त्याच्या मागे मागे जाताना जो इतिहास हाती लागला, तो इथे मांडते आहे.

आधी पहिला विग्रह. तंत्रमार्गात शवसाधना नावाचा विधी आहे. साधक रात्री स्मशानात प्रेतावर बसून जप करतो. इथलं शव खरंखुरं असतं, उपमेतलं नव्हे. देवीचं वाहन म्हणूनही प्रेत येतं. नवरात्रात आपल्याकडे घरोघरी सप्तशतीचा पाठ होतो. त्याआधी म्हटल्या जाणाऱ्या देवीकवचात चामुंडा प्रेतावर आरूढ आहे, आणि ते म्हणताना कोणी दचकत नाही. बंगालातली काली निश्चल पडलेल्या शिवावर उभी असते. शाक्तांनी त्यावरून एक व्याकरणाचा खेळ केला आहे. 'शिव'मधला इकार म्हणजे शक्ती. ती काढून घेतली की उरतं ते 'शव'.

दुसरा विग्रह हठयोगाचा. त्याचा माग काढताना पहिली अडचण 'आसन' या शब्दाचीच येते. हा शब्द 'आस्' म्हणजे बसणे या धातूपासून आला आहे. पतंजलीच्या योगसूत्रात आसन स्थिर आणि सुखाचं असावं, एवढंच म्हटलं आहे. तिथे डोळ्यांपुढे ध्यानाला बसलेला माणूस आहे. मग पडून राहण्याला आसन कसं म्हणायचं?

तेराव्या शतकाच्या सुमाराच्या दत्तात्रेययोगशास्त्रात याचा एक धागा सापडतो. दत्तसंप्रदायामुळे हे नाव मराठी वाचकाला परकं वाटणार नाही. दत्तात्रेय आणि सांकृती यांच्या संवादाच्या रूपातला हा छोटा ग्रंथ आहे. त्यात प्रेतासारखं जमिनीवर उताणं पडणं आहे, पण ते आसनांत मोडत नाही. ते लययोगात येतं, म्हणजे मन विरघळवण्याच्या उपायांमध्ये. शून्याचं ध्यान करावं, नाकाच्या शेंड्यावर दृष्टी ठेवावी, अशा युक्त्यांच्या ओळीत एकांतात अंग सैल सोडून शवासारखं पडण्याची युक्ती सांगितली आहे.

पंधराव्या शतकातल्या स्वात्मारामाच्या हठप्रदीपिकेत ही युक्ती आसनांच्या यादीत येऊन बसते. तिथे पंधरा आसनं आहेत आणि शवासन त्यांतलं एक. वर्णन एका श्लोकात आटोपतं: शवासारखं जमिनीवर उताणं पडावं; त्याने थकवा जातो आणि चित्ताला विसावा मिळतो. समासात गळालेलं 'सारखं' या श्लोकात मात्र उघड आहे. 'शव' शब्दाला 'वत्' प्रत्यय लावून स्वात्मारामाने ते स्पष्ट केलं आहे.

पण हा ग्रंथ इथेच सोडला तर अर्धाच अर्थ हाती येतो. चौथ्या उपदेशात समाधीचं वर्णन करताना स्वात्माराम म्हणतो की उन्मनी अवस्थेत देह लाकडासारखा होतो, आणि सगळ्या अवस्थांतून, सगळ्या चिंतांतून सुटलेला योगी मेल्यासारखा राहतो. तो मुक्तच होय. इथेही 'वत्' आहे. ग्रंथाच्या सुरुवातीला थकलेल्या माणसाला सांगितलेली उपमा अखेरीस मुक्त पुरुषाला लावली आहे. दमल्याभागल्याचा विसावा आणि साधनेचं टोक, दोन्हींसाठी एकच चित्र. संतांच्या मराठीत वाढलेल्याला हे समजायला जड जात नाही. स्वतःचं मरण स्वतःच्या डोळ्यांनी पाहिल्याचा सोहळा तुकोबांनी गायला आहे. मरणाची उपमा म्हणजे अभद्र बोलणं, असं त्या परंपरेने मानलं नाही.

पुढे घेरंडसंहितेच्या बत्तीस आसनांच्या यादीत हे आसन 'मृत' या नावाने येतं. नावं दोन झाली, तरी मृत्यू दोन्हींत राहिला.

विसाव्या शतकात या आसनाच्या अर्थाला मोठं वळण मिळालं, आणि त्यातला बराच भाग महाराष्ट्रात घडला. स्वामी कुवलयानंदांनी, म्हणजे जगन्नाथ गणेश गुणे यांनी, १९२४ साली लोणावळ्याला कैवल्यधाम स्थापन केलं आणि त्याच वर्षी 'योगमीमांसा' हे नियतकालिक सुरू केलं. योगक्रियांचा शरीरावर काय परिणाम होतो, हे क्ष-किरण आणि दाबमापक यंत्रं लावून बघण्याचा त्यांचा खटाटोप होता. गुरूच्या तोंडून आलेली गोष्ट आता आकड्यांच्या भाषेत मांडायची होती. त्याच सुमारास अमेरिकेत एडमंड जेकबसन हे डॉक्टर स्नायू क्रमाक्रमाने सैल सोडण्याची पद्धत शिकवत होते. त्यांचं या विषयावरचं पुस्तक १९२९ साली आलं. त्याच्याही आधी, १८९१ साली, ॲनी पेसन कॉल या अमेरिकी लेखिकेने विश्रांतीतून शक्ती मिळवण्यावर पुस्तक लिहिलं होतं. आज योगवर्गात 'पायाची बोटं सैल सोडा, घोटे सैल सोडा' अशा सूचना ऐकू येतात. त्यांत या पाश्चात्त्य शिथिलीकरणाचा वाटा मोठा आहे, असं योगाचे इतिहासकार मार्क सिंगलटन यांनी दाखवलं आहे. नाव संस्कृत राहिलं आणि आतल्या सूचना हळूहळू बदलत गेल्या.

मग १९६९ साल. मुंबईच्या केईएम रुग्णालयाशी निगडित हृदयरोगतज्ज्ञ डॉ. के. के. दाते आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी उच्च रक्तदाबाच्या ४७ रुग्णांना शवासन शिकवून पाहिलं आणि त्यावरचा निबंध 'अँजिऑलॉजी' या इंग्रजी वैद्यकीय नियतकालिकात छापला. रुग्णाने उताणं पडायचं, श्वास संथ करायचा, नाकपुडीत शिरणारी हवा थंड लागते आणि बाहेर पडणारी ऊन, तिकडे लक्ष ठेवायचं. अनेकांचा रक्तदाब उतरला, काहींची औषधं कमी करता आली. सहलेखकांमध्ये डॉ. एस. एल. विनेकर होते. कुवलयानंदांबरोबर योगोपचारावरचं १९६३ सालचं पुस्तक लिहिणारे तेच. म्हणजे लोणावळ्याची वाट इथे परळच्या रुग्णालयाला येऊन मिळते.

अनुवादक म्हणून माझं लक्ष त्या निबंधाच्या मथळ्यावर खिळलं. दाते यांनी आसनाच्या नावाचा इंग्रजी अनुवाद केलाच नाही. 'शवासन' हा शब्द रोमन लिपीत तसाच ठेवला, आणि तोही मराठी उच्चाराप्रमाणे, शेवटचा 'अ' न लिहिता. रक्तदाबाच्या रुग्णापुढे प्रेताचा उल्लेख नको, असं त्यांना वाटलं असतं तर 'शिथिलीकरण' म्हणायची सोय होती. त्यांनी ती घेतली नाही.

बी. के. एस. अय्यंगार पुण्यात राहून शिकवत होते. त्यांच्या १९६६ सालच्या 'लाइट ऑन योगा'त आसनांच्या अगदी शेवटी शवासन आहे. शव किंवा मृत म्हणजे प्रेत, असं ते सरळ सांगतात, आणि दिसायला सोपं असलेलं हे आसन साधायला फार अवघड आहे असंही बजावतात. तोवर शेकडो चित्रांत शरीर वाकवून, पिळून, उलटं करून दाखवलेलं असतं. त्यानंतर हे.

पाश्चात्त्य देशांत गेल्यावर या नावाचं आणखी एक झालं. तालव्य 'श'साठी रोमन लिपीत 'एस'वर एक लहान तिरकी रेघ देतात. छापताना ती रेघ पडली आणि शब्द 'सवासन' असा लिहिला, बोलला जाऊ लागला. संस्कृतात 'सव' म्हणजे सोमरस पिळणं. एक रेघ गळली आणि प्रेताच्या जागी सोमयाग आला! अर्थात तिथल्या चटयांवर पडणाऱ्यांना यातलं काहीच ऐकू येत नाही. त्यांना हवी ती शांतता त्या नादातून मिळते.

आपल्याला मात्र ऐकू येतं. आणि मराठीला व हिंदीला ते सारखं ऐकू येत नाही. मराठीत 'शव' हा पुस्तकी शब्द. तो शवविच्छेदनात असतो, शववाहिकेवर रंगवलेला असतो. वर्तमानपत्रात 'मृतदेह' सापडतो, घरात 'प्रेत' असतं, गावाकडे 'मढं' आणि शिवी हासडताना 'मुडदा'. त्यामुळे मराठी माणसाला शवासन म्हणताना प्रेत चटकन दिसत नाही. शब्द परीटघडीचा आहे. हिंदीत उलटं. 'प्रेत' म्हणजे भूत. आपण प्रेतयात्रा म्हणतो त्याला तिथे शवयात्रा म्हणतात. आणि 'शव' हा रोजच्या वर्तमानपत्रातला शब्द. नाल्यात शव मिळतं, रुळांवर शव मिळतं. तोच संस्कृत शब्द एका भाषेत इस्त्री केलेला आणि दुसरीत ओला.

दिल्लीत २१ जून २०१५ला पहिला आंतरराष्ट्रीय योग दिवस राजपथावर, म्हणजे आजच्या कर्तव्य पथावर, साजरा झाला. ३५,९८५ जणांनी एकत्र योगासनं केल्याची गिनेस बुकात नोंद झाली. आयुष मंत्रालयाने त्यासाठी बसवलेल्या क्रमात शवासन होतं. शव म्हणजे मृत शरीर, असा अर्थ त्या पुस्तिकेत न लपवता दिला आहे. नंतरच्या वर्षांत आमच्यासारख्या सोसायट्यांच्या बागांमधून तोच क्रम सुरू झाला.

मग २०२१चा एप्रिल आला. दिल्लीच्या स्मशानांत जागा पुरेना. सराय काले खाँ इथे शेजारच्या बागेत चौथरे बांधून चिता पेटवाव्या लागल्या. हिंदी वर्तमानपत्रांच्या पहिल्या पानावर रोज एकच शब्द होता. हिवाळ्यात आमच्या बागेतला योगवर्ग पुन्हा भरू लागला तेव्हा शिकवणारा मुलगा शेवटी नुसतं 'अब लेट जाइए' म्हणू लागला. आसनाचं नाव त्याने सोडून दिलं होतं. कोणी त्याला सांगितलं नव्हतं, आणि कोणी विचारलंही नाही.

त्याच काळात माझ्याकडे हृदयरोग्यांसाठी लिहिलेली एक मराठी पुस्तिका हिंदी अनुवादासाठी आली. संपादकांनी सुचवलं की शवासनाचं 'विश्रामासन' करावं, आजारी माणसाच्या हाती हा शब्द देऊ नये. सूचना समंजस होती. दाते यांचा मथळा मला ठाऊक होता. पण दाते यांच्या रुग्णांनी २०२१ पाहिलं नव्हतं.

बागेतल्या बाकावर मी हा प्रश्न सहज काढला. तिथे रोज येणाऱ्या एक पंजाबी आजी होत्या. त्यांचे यजमान त्या मे महिन्यात रुग्णालयातच गेले होते. त्या म्हणाल्या, "नाम क्यों बदलोगी बेटा? मेरे वाले को तो लेटा हुआ देखने भी नहीं दिया। सीधा थैली में दे दिया था।" थोडं थांबून म्हणाल्या, "मैं तो रोज़ यहाँ लेटती हूँ तो उसी को देखती हूँ।"

आजींचं म्हणणं प्रमाण मानून मी शब्द ठेवला, असं नाही. एका माणसाच्या दुःखावरून सगळ्या वाचकांसाठी शब्द ठरवता येत नाही; दुसऱ्या एखाद्या आजींनी नेमकं उलट सांगितलं असतं. ठेवला तो हठप्रदीपिकेमुळे. 'विश्रामासन' म्हटलं की पहिल्या उपदेशातला विसावा शिल्लक राहतो, पण चौथ्या उपदेशातल्या मुक्त योग्याशी त्याचं असलेलं नातं तुटतं. थकलेला माणूस आणि सुटलेला माणूस एकाच उपमेत बांधले आहेत, ही त्या ग्रंथाची मोठी गोष्ट आहे. नाव बदलण्याने ती कोणाच्या लक्षातही न येता पुसली जाते.

मात्र समासाने खाल्लेलं 'सारखं' हिंदीत परत आणायचं, हेही मी ठरवलं. मथळ्यात 'शवासन' ठेवलं आणि खाली पहिल्याच वाक्यात विग्रह उघड करून 'शव की तरह' असं लिहिलं. संपादकांनी ते मान्य केलं.

पुस्तिकेत पुढची सूचना अशी आहे: उठताना एकदम उठू नये; आधी बोटं हलवावीत, कुशीवर वळावं, थोडं थांबावं, मग हाताचा आधार घेऊन बसावं. अनुवाद करताना हे वाक्य सगळ्यांत सोपं गेलं. शव उठत नाही. शवासारखा पडलेला उठतो, त्यासाठी त्याला सूचना लागतात.