हाडें, कुंचला आणि निआंडरथल मनुष्य

सन १८५६ मध्यें जर्मनींतील निआंडर दरींत चुनखडीच्या खाणीवरील मजुरांना कांहीं हाडें सांपडलीं. तीं अस्वलाचीं समजून बाजूस टाकण्यांत आलीं होतीं. परंतु जवळच्या शाळेंतील योहान फुलरॉट या मास्तरांनीं तीं मनुष्याचीं, पण आपल्याहून निराळ्या मनुष्याचीं, हें ओळखलें. (शाळामास्तरांच्या वांट्यास असें यश क्वचितच येतें!)

हाड बोलतें तें थोडें. कातडी, केस, नजर यांविषयीं तें मुकेंच असतें, आणि ती उणीव चित्रकार भरून काढतो. १९०८ सालीं फ्रान्समध्यें ला शापेल येथें अशाच एका निआंडरथल पुरुषाचा जवळजवळ संपूर्ण सांगाडा मिळाला. मार्सेलें बूल या पंडितांच्या मतास अनुसरून कुप्का नांवाच्या चित्रकारानें १९०९ मध्यें त्याचें चित्र काढलें: केसाळ, वांकलेला, हातांत सोटा घेतलेला. लोकांच्या मनांत तें इतकें ठसलें कीं, 'रानटी' म्हणतांच तेंच डोळ्यांपुढें उभें राहूं लागलें. पुढें १९५७ मध्यें स्ट्रॉस व केव्ह यांनीं तीं हाडें पुन्हां तपासलीं, तों तो बिचारा संधिवातानें जर्जर झालेला निघाला! दांतही बहुतेक गेलेले. अशा स्थितींत तो जगला, तेव्हां त्याला कोणी तरी सांभाळलें असावें, असें पुष्कळ शास्त्रज्ञ मानतात. एका आजारी माणसाच्या पाठीच्या बाकावरून सबंध जातीची परीक्षा झाली होती.

तथापि चित्रकाराची दृष्टि शास्त्राच्या कामींही येते. त्याच १९५७ सालीं उज्जयिनीचे मराठी चित्रकार विष्णु श्रीधर वाकणकर यांना आगगाडींतून जातांना भोपाळच्या दक्षिणेस विंध्याचे प्रचंड खडक दिसले. ते शोधीत जातां भीमबेटका हातीं लागलें. तेथील भिंतींवरचीं चित्रें त्यांनीं वर्षानुवर्षें उतरून घेतलीं. पदरचें कांहीं न घालतां, जें होतें तेंच.

भीमबेटक्याचीं चित्रें आपल्याच जातीच्या मनुष्यांनीं काढलेलीं आहेत. त्याहून फार जुना असा एक अवशेष नर्मदाकांठीं हथनोरा येथें ५ डिसेंबर १९८२ रोजीं भूवैज्ञानिक सर्वेक्षण खात्याचे अरुण सोनकिया यांना मिळाला. तो कवटीच्या माथ्याचा उजवा भाग होय. चेहरा नाहीं, जबडा नाहीं. तो मनुष्य कोणत्या जातीचा, यावर पंडितांत मतभेद आहेत. त्याचा मुखवटा कोणी घडविलाच, तर त्याखालीं 'कल्पित' असें स्वच्छ लिहावें.

निआंडरथलाचें एकही हाड भारतांत मिळालेलें नाहीं. त्याचा अंश मात्र येथें आहे. स्वांटे पेबो व त्यांच्या सहकाऱ्यांनीं २०१० सालीं जुन्या हाडांतून त्याचा डीएनए वाचून दाखविला, आणि २०२२ चें नोबेल पारितोषिक पेबो यांना मिळालें. आफ्रिकेबाहेरच्या मनुष्यांत हा अंश शेंकडा एक-दोन इतका भरतो. करोनाचा आजार तीव्र करणारा एक तुकडा त्यांतलाच आहे, असें २०२० मध्यें आढळलें. युरोपांत शेंकडा सोळा लोकांत तो आहे, तर दक्षिण आशियांत जवळजवळ निम्म्या लोकांत. भिवंडीजवळचें शेलार त्यांतून वगळलें जाण्याचें कांहीं कारण नाहीं. पुढच्याच वर्षीं असें दिसून आलें कीं, निआंडरथलाकडूनच आलेला दुसरा एक तुकडा त्याच रोगाचा जोर कमी करतो.