पाच हजारांची नेमणूक

झाशीच्या राणीची गोष्ट आपल्याकडे घोड्यावरून सुरू होते आणि घोड्यावरच संपते. त्याआधीची तीन वर्षे मात्र खलिते, शेरे आणि हिशेब यांत गेली. त्या कागदांतल्या लक्ष्मीबाई वेगळ्या आहेत. नवरा गेलेली बाई, सरकारने ठरवलेली नेमणूक घ्यायची की नाकारायची या पेचात सापडलेली, आणि पुढे त्या नेमणुकीतून होणाऱ्या कपातीवर भांडणारी. द. ब. पारसनीसांनी 1894 साली लिहिलेल्या चरित्रात या पत्रव्यवहाराला भरपूर जागा दिली. तरी वाचकांच्या मनात घोडाच राहिला.

कागदांचा क्रम असा. 20 नोव्हेंबर 1853 रोजी राणीचे पती, झाशीचे राजे गंगाधरराव यांनी आजारपणात दत्तक घेतला. मुलाचे नाव दामोदरराव ठेवले. पोलिटिकल एजंट मेजर एलिस या प्रसंगी हजर होता, म्हणजे विधी गुपचूप उरकला असे कुणाला म्हणता येणार नव्हते. मुलावर सरकारने लोभ ठेवावा आणि पत्नीच्या हयातीत कारभार तिच्या हाती असावा, असे पत्र गंगाधररावांनी त्याच वेळी दिले. दुसऱ्या दिवशी ते वारले.

लक्ष्मीबाईंचा पहिला खलिता डिसेंबरात गेला, दुसरा 16 फेब्रुवारी 1854 रोजी. त्यांत रडगाणे फारसे नाही. कंपनीशी झालेला 1817 चा तह पुढे ठेवला आहे आणि बुंदेलखंडातल्या ओर्छा, दतिया या शेजारी संस्थानांत दत्तक मान्य झाल्याचे दाखले दिले आहेत. एखाद्या कसलेल्या वकिलाने केली असती तशीच ही मांडणी आहे. गव्हर्नर जनरल डलहौसीने 27 फेब्रुवारीच्या टिपणात उत्तर नोंदवले. झाशी हे स्वतंत्र राज्य नव्हे, पेशव्यांच्या सुभेदाराची जहागीर होती. पेशव्यांचे हक्क कंपनीकडे आले, तेव्हा वारस मानायचा की नाही हे कंपनीने ठरवायचे. 1835 साली रामचंद्रराव वारले तेव्हाही त्यांचा दत्तक मानला नव्हता, हा दाखला त्याच्या हाताशी होताच. 15 मार्चला एलिसने झाशी खालसा केल्याचा जाहीरनामा वाचला.

खरा पेच इथून पुढे आहे. ग्वाल्हेरचा एजंट माल्कम याने राणीसाठी शिफारस केली: दरमहा पाच हजार रुपये तहहयात, राहायला वाडा, न्यायालयांच्या हुकमतीतून सूट, आणि गंगाधररावांचे खासगी जडजवाहीर राणीकडे. डलहौसीने बाकी सगळे मान्य केले आणि जवाहिरावर काट मारली. कारण काय, तर राजाची खासगी मालमत्ता कायद्याने दत्तक मुलाची आहे. राज्यापुरता दत्तक चालणार नाही, पण खासगी हक्कांपुरता तो पक्का. काही आठवड्यांपूर्वी ज्या मुलाला वारस म्हणून नाकारले, त्याच मुलाचा वारसा पुढे करून विधवेला दागिने नाकारले. दोन्ही निर्णयांना आधार दाखवता येईल. पण दोन्ही वेळा तोटा एकाच घराचा झाला, ही गोष्ट डलहौसीच्या भाषेतल्या सफाईने झाकली जात नाही.

(दत्तक एका कामाला चालतो, दुसऱ्याला नाही, हा युक्तिवाद आजही ऐकू येतो. सरकारी नोकराच्या मृत्यूनंतर विधवेने घेतलेला दत्तक मुलगा कुटुंब निवृत्तिवेतनाच्या नियमांतल्या ‘कुटुंबा’त बसत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी 2023 मध्ये नागपूरहून आलेल्या प्रकरणात सांगितले. साम्य ताणू नये. तिथे नियम आधीपासून लेखी होते. झाशीत मात्र दत्तक खुद्द नवऱ्याने घेतला होता, आणि नियम करणारा व लावणारा एकच होता.)

राणीने नेमणूक घेतली का? जॉन लँग हा वकील खालशाचा हुकूम निघाल्यावर सुमारे महिन्याभराने झाशीला गेला. ती हकिकत त्याने 1859 साली पुस्तकात छापली. वाड्यात शिरताना बूट काढायचे की नाही यावर आधी वाटाघाट झाली; डोक्यावरची हॅट राहू देणार असाल तर बूट काढतो, असा सौदा त्याने केला. मुलाने मधला पडदा सरकवला आणि लँगला राणी दिसल्या: मध्यम उंची, जरा स्थूल बांधा, गोल चेहरा, अंगावर साधी पांढरी मलमल, कानातल्या सोन्याच्या डुलांखेरीज दागिना नाही. त्याचा सल्ला सरळ होता. विलायतेत दाद मागा आणि तोवर हक्क राखून ठेवत, तक्रार नोंदवून, वर्षाचे साठ हजार उचलत राहा. राणीने जोरात नकार दिला. झाशी देणार नाही, हे प्रसिद्ध उद्गार लँगने नोंदवले ते याच प्रसंगी. म्हणजे ते लढाईत निघालेले नाहीत; पेन्शन घेण्याचा सल्ला मिळाल्यावर निघालेले आहेत.

पण लँगची साक्ष त्या एका भेटीपुरती आहे, आणि तो गोष्टी रंगवून सांगणारा लेखक होता हेही विसरू नये. जॉन के या इंग्रज इतिहासकाराने लिहिले आहे की राणीने आधी नकार दिला, नंतर नेमणूक स्वीकारली, आणि मग तिच्या नवऱ्याचे कर्ज त्यातून फेडण्याचा हुकूम झाला. दोन्ही साक्षी खऱ्या धरता येतात, फक्त त्या वेगवेगळ्या वेळच्या आहेत. राणीने विलायतेत केलेला अर्ज फसल्यावर आणि वाड्यातल्या माणसांची पोटे भरायची असताना नकार टिकवणे अवघडच होते.

कर्जाच्या हुकमाला कायद्याची बैठक मला तरी सापडत नाही. हिंदू रिवाजात बापाचे ऋण मुलाच्या अंगावर येते आणि ते मिळकतीतून फिटते. मिळकत मुलाची असा डलहौसीचाच निर्णय होता, आणि मुलाच्या नावची रोकड सरकारच्या ताब्यात होती. मग कर्जही तिथूनच वळते व्हायला हवे. शिवाय राज्य घेतले तर राज्याच्या अंगावरचे देणेही घ्यावे लागते. वायव्य प्रांताच्या सरकारने यांतले काहीच केले नाही. नेमणूक राणीची एकटीची, तहहयात, तीही राज्याच्या मोबदल्यात. कात्री लागली ती तिलाच. राणीने हरकत घेतली, पण हुकूम फिरला नाही. दामोदररावाच्या मुंजीसाठी त्याच्याच रकमेतले एक लाख मागितले, तर सरकारने जामीन मागितले, असेही चरित्रकार सांगतात.

के याने राणीच्या तक्रारी मोजल्या आहेत. झाशीत गोवध सुरू झाला, देवस्थानाच्या खर्चाची गावे गेली आणि नेमणुकीतून कर्जवसुली झाली. पहिल्या दोहोंवर आपल्याकडे पुष्कळ लिहिले गेले. तिसरी तक्रार खुद्द सरकारी दप्तरातल्या हिशेबांवरून तपासता येण्याजोगी आहे.