जनरल भोसले आणि त्यांचे साथी

यवतमाळ जिल्ह्यात 1943 साल म्हटले की लोकनायक बापूजी अणे आठवतात. वणीचे अणे तेव्हा व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात होते. गांधीजींच्या उपोषणाच्या प्रश्नावर फेब्रुवारी 1943 मध्ये त्यांनी राजीनामा दिला. त्याच फेब्रुवारीत बंगालच्या उपसागरापलीकडे, जपानच्या ताब्यातील सिंगापुरात, दुसरा एक मराठी माणूस एक मोडलेली फौज पुन्हा उभी करायला बसला होता. त्यांचे नाव जगन्नाथराव कृष्णराव भोसले. अण्यांचे नाव आमच्याकडे सर्वांना ठाऊक आहे. भोसल्यांचे नाव मात्र कोकणाबाहेर फारसे कोणी घेत नाही. मुस्लिम मराठी वाचकाने ते आवर्जून घ्यावे, असे मला वाटते. आणि त्याचे कारण केवळ अभिमान एवढेच नाही.

भोसले 1906 मध्ये सावंतवाडी संस्थानातील तिरोडे गावी जन्मले. डेहराडूनचे लष्करी विद्यालय, मग विलायतेतील सँडहर्स्ट, आणि 1928 मध्ये ब्रिटिश हिंदी सैन्यात अधिकारपद. त्या काळी हिंदी तरुणाला ही वाट फार क्वचित मिळे. दुसऱ्या महायुद्धात ते लेफ्टनंट कर्नलच्या हुद्द्यावर मलायात होते. 15 फेब्रुवारी 1942 ला सिंगापूर पडले. दोन दिवसांनी फेरर पार्कच्या मैदानावर इंग्रज अधिकाऱ्याने हजारो हिंदी शिपायांना जपान्यांच्या स्वाधीन केले. ज्या राजाच्या निष्ठेची शपथ घेतली, त्याच्याच माणसाने आपल्याला गुरांसारखे मोजून दुसऱ्याच्या हाती दिले, ही बोच पुढे अनेकांनी सांगितली आहे. या मैदानावरच आझाद हिंद सेनेची सुरुवात झाली.

पहिली सेना कॅप्टन मोहनसिंग यांची. जपान्यांशी बिनसले, डिसेंबर 1942 मध्ये मोहनसिंगांना अटक झाली आणि सेना विसर्जित झाली. सुभाषबाबू सिंगापुरात यायला अजून सहा महिने होते. मधल्या या काळाकडे आपले चरित्रकार भरभर पुढे जातात. पण तेव्हा फौज पार विखुरली असती तर जुलै 1943 मध्ये नेताजींनी सलामी कोणाची घेतली असती? फेब्रुवारीत स्थापन झालेल्या लष्करी विभागाचे संचालक भोसले झाले. मोहम्मद जमान कियानी फौजेचे सेनापती, शाहनवाज खान जनरल स्टाफचे प्रमुख, प्रेमकुमार सहगल लष्करी सचिव आणि हबीबुर रहमान अधिकारी प्रशिक्षण शाळेचे प्रमुख. या पाचांनी ती फौज सांभाळली.

भोसले हे रणांगण गाजवणारे वीर नव्हते. इंफाळच्या वाटेवर कियानी आणि शाहनवाज गेले. भोसल्यांचे काम मुख्यालयातले. रसद, नेमणुका, शिस्त आणि जपानी अधिकाऱ्यांशी रोजची घासाघीस. अशा माणसाचे पोवाडे होत नाहीत. पण ज्यांनी एखादी संस्था चालवली आहे, मग ती मदरसा असो की सहकारी पतपेढी, त्यांना या कामाची किंमत कळेल.

21 ऑक्टोबर 1943 ला आझाद हिंदचे हंगामी सरकार जाहीर झाले. त्यात लष्कराचे आठ प्रतिनिधी होते: भोसले, लोगनाथन, भगत, गुलझारासिंग, आणि अझीझ अहमद, एहसान कादिर, कियानी, शाहनवाज. आठांत चार मुसलमान. हे कोणी राखीव जागा मोजून दिलेले नव्हते. ब्रिटिश सैन्यात धर्माप्रमाणे वेगळ्या चुली असत. इथे एक पंगत झाली. भाषा हिंदुस्थानी, ब्रीद 'इत्तेफाक, एतमाद, कुर्बानी', बिल्ल्यावर टिपू सुलतानाचा झेप घेणारा वाघ. रंगूनला बहादूरशहा जफरच्या कबरीपाशी फौजेने मानवंदना दिली. सिंगापूरच्या चेट्टियार मंदिराने नेताजींना बोलावले, तेव्हा सर्व धर्मांच्या साथीदारांना आत घेणार असाल तरच येतो, असे त्यांनी कळवले. त्यांच्यासोबत मंदिरात गेलेल्या हैदराबादच्या आबिद हसन यांनीच ही आठवण सांगितली आहे.

या सरकारने पदकेही दिली: 'शेर-ए-हिंद', 'सरदार-ए-जंग', 'वीर-ए-हिंद', 'तमगा-ए-बहादुरी'. 14 एप्रिल 1944 ला मणिपुरातील मोइरांग येथे तिरंगा फडकवणारे कर्नल शौकत मलिक यांना 'सरदार-ए-जंग' मिळाले. पण फौज हरली, आणि हरलेल्या फौजेची पदके कोणत्या दुकानात वटत नाहीत.

नोव्हेंबर 1945 मध्ये लाल किल्ल्यात शाहनवाज, सहगल आणि धिल्लन यांच्यावर खटला सुरू झाला. एक मुसलमान, एक हिंदू, एक शीख. इंग्रजांनी ही निवड करून सगळा देश एकत्र आणला. फेब्रुवारी 1946 मध्ये कॅप्टन अब्दुल रशीद यांच्या शिक्षेविरुद्ध कलकत्त्यात काँग्रेस आणि मुस्लिम लीगचे झेंडे एकाच मोर्चात चालले. पुढे सहाच महिन्यांत त्याच शहरात काय घडले, ते सांगायला नको.

भोसलेही सुटले. मग प्रत्येकाने आपापली वाट धरली. स्वतंत्र भारताने या अधिकाऱ्यांना सैन्यात परत घेतले नाही. सहगल कानपूरच्या कापड धंद्यात गेले, धिल्लन शिवपुरीकडे शेती करू लागले. कियानी आणि हबीबुर रहमान पाकिस्तानात गेले, आणि 1947 मध्ये काश्मीरच्या लढाईत पलीकडून लढले. शाहनवाज यांचे घराणे रावळपिंडीकडचे, पण ते भारतात राहिले आणि 1952 मध्ये मेरठमधून लोकसभेत गेले. एकाच टेबलावर नकाशे पसरणाऱ्या माणसांमधून सरहद्द गेली. कियानींना गद्दार आणि शाहनवाज यांना 'चांगला मुसलमान' ठरवून मोकळे होणे सोपे आहे. मला ते पटत नाही. ज्या देशासाठी दोघे लढले होते, तोच त्यांच्या पायाखाली दुभंगला होता.

भोसले 1952 मध्ये रत्नागिरी भागातून काँग्रेसतर्फे लोकसभेवर निवडून आले आणि पुनर्वसन खात्याचे उपमंत्री झाले. अर्ध्या मुसलमान सहकाऱ्यांसह सरकार चालवलेला माणूस फाळणीच्या जखमा बांधणाऱ्या खात्यात आला. पण आपल्या वाचकाला या खात्याचे नाव ऐकून आणखी एक शब्द आठवेल: कस्टोडियन. 1950 च्या निर्वासित मालमत्ता कायद्याने पाकिस्तानात गेलेल्यांची घरे ताब्यात घेतली. सोबत, न गेलेल्या मुसलमानांच्याही दारावर नोटिसा लागल्या. भाऊ गेला म्हणून घर अडकले, असे किती घरांतून ऐकू येते! 7 मे 1954 नंतर नवी मालमत्ता अशी जाहीर करायची नाही, अशी दुरुस्ती झाली, ती भोसले खात्यात असताना. तिचे श्रेय त्यांना देण्याइतका पुरावा माझ्यापाशी नाही आणि दोषही मी देत नाही. मात्र शाहनवाज यांचा जुना वरिष्ठ त्या खात्यात बसला होता, ही गोष्ट चरित्रातून गाळता येत नाही.

त्यांचे स्वतःचे म्हणता येईल असे काम वेगळे आहे. 1954 मध्ये दिल्लीच्या कस्तुरबा निकेतन या निर्वासितांच्या वसाहतीत, आईबापांविना किंवा अर्ध्या घरासह वाढणाऱ्या मुलांसाठी त्यांनी राष्ट्रीय शिस्त योजना सुरू केली. कवायत, सामूहिक गाणी, स्वच्छता, एकत्र जेवण. सिंगापूरची पंगत दिल्लीत आली, असे म्हटले तरी चालेल. मुलांना कवायत शिकवायला आझाद हिंदचे जुने शिपाई घेतले गेले. सैन्याने ज्यांना दार बंद केले, त्यांना शाळेच्या मैदानावर रोजगार मिळाला. पुढे योजना शिक्षण खात्याकडे गेली, अलवरजवळ सरिस्का येथे शिक्षकांचे प्रशिक्षण केंद्र निघाले.

1957 च्या निवडणुकीत संयुक्त महाराष्ट्राच्या लाटेत रत्नागिरीची जागा काँग्रेसच्या हातून गेली. भोसले मात्र योजनेचे काम पाहत राहिले. 1963 मध्ये त्यांचे निधन झाले. 1965 मध्ये योजनेचे नाव बदलून ती नव्या राष्ट्रीय शारीरिक क्षमता दलात विलीन झाली. केंद्र सरकारने स्वातंत्र्यसैनिकांना निवृत्तिवेतन सुरू केले ते 1972 मध्ये, आणि आझाद हिंदचे शिपाईही त्यात आले. भोसले जाऊन तेव्हा नऊ वर्षे झाली होती.