टर्म भरली का? हजेरी, परीक्षा आणि न्यायालय

'टर्म भरली का?' हा प्रश्न आपण घरोघरी ऐकलाय. शब्द विलायती. लंडनच्या इन्स ऑफ कोर्टमध्ये बॅरिस्टर व्हायचं तर टर्म पाळाव्या लागत, म्हणजे काय, तर ठरावीक वेळा तिथे जेवायला हजर राहायचं! गांधीजींनी आत्मकथेत ही गंमत सांगितलीय. चौघांत वाइनच्या दोन बाटल्या मिळत. हे पीत नसत, म्हणून आपल्या चौकडीत ते असावेत अशी ओढाताण चाले.

आपल्याकडे हजेरी वर्गातली, आणि तिचे तंटे थेट कोर्टात गेले. त्यातला मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो तो श्रीकृष्ण विरुद्ध कुरुक्षेत्र विद्यापीठ हा खटला. सरकारी नोकरी सांभाळून कायदा शिकणारा हा माणूस. १९७२ मध्ये पहिल्या भागाची परीक्षा दिली, काही विषय राहिले, तरी दुसऱ्या वर्षात गेला. पुढच्या परीक्षेच्या वेळी विद्यापीठ म्हणालं, वरिष्ठांची परवानगी नाही. शिवाय पहिल्या वर्षी तुझी हजेरीच अपुरी होती. आता बघा, हजेरीपट कुणाकडे होता? विद्यापीठाकडेच ना! १९७५ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने नेमकं हेच धरलं. नियमानुसार उमेदवारी रद्द करायची ती परीक्षेआधी. एकदा पेपर लिहू दिलात की तो अधिकार संपला. अर्ज तपासणं तुमचं काम होतं, त्यानं काही फसवलेलं नाही.

हजेरी नको, असं न्यायालय कुठेही म्हणालं नव्हतं. पण नंतर अनेकांनी या निकालाचा आधार घेतला. आधी अंतरिम आदेशाने पेपर द्यायचा, मग वाद घालायचा, अशी वहिवाटच पडली. अशा तात्पुरत्या परवानगीने हक्क निर्माण होत नाही, हे न्यायालयांना पुन्हा पुन्हा सांगावं लागलं.

बार कौन्सिलच्या २००८ च्या नियमांत ७० टक्के हजेरी आहे, अपवाद म्हणून ६५. आणि गरोदर विद्यार्थिनी? २०१० मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाच्या एकल पीठाने त्यांच्या बाजूने कौल दिला. २०१८ मध्ये त्याच न्यायालयाने अशाच एका विद्यार्थिनीला दिलासा नाकारला. नियम एकच, आणि तीही कायद्याचीच विद्यार्थिनी.

मग २०१६. हजेरीअभावी परीक्षेला बसू न दिलेल्या, दिल्लीत कायदा शिकणाऱ्या एका मुलाने आत्महत्या केली. त्याच्या मित्राने सरन्यायाधीशांना पत्र लिहिलं, त्याचीच याचिका झाली आणि पुढे ती दिल्ली उच्च न्यायालयाकडे आली. निकाल लागला ३ नोव्हेंबर २०२५ ला. नऊ वर्षं, म्हणजे त्याच्या वर्गातली मुलं एव्हाना वकिली करत असतील. न्यायालय म्हणालं, हजेरी कमी म्हणून कायद्याच्या विद्यार्थ्याला परीक्षेपासून रोखू नका. दर आठवड्याला हजेरी कळवा, पालकांना महिन्याला कळवा, जादा तास घ्या. इतकं करूनही हजेरी कमीच राहिली, तर फार तर ५ टक्के गुण कापा. मूट कोर्ट, परिसंवाद यांचाही हजेरीत विचार व्हावा, असंही सांगितलं.

म्हणजे शिक्षा आता गुणांत आली, आणि हिशेब वेळेवर देण्याची जबाबदारी कॉलेजवर. कुरुक्षेत्रच्या खटल्यात न्यायालयाने विद्यापीठाला विचारलं होतं तेही हेच: तुम्ही आधी का नाही पाहिलंत?