भिवंडीच्या मोहल्ला समित्या

एमिल दुरखेम या फ्रेंच समाजशास्त्रज्ञाने १९१२ साली धर्माच्या मूळ रूपांविषयी एक ग्रंथ लिहिला. ऑस्ट्रेलियातील आदिवासींच्या विधींची इतरांनी केलेली वर्णने हा त्याचा मुख्य आधार. एरवी विखुरलेली माणसे विधीसाठी एकत्र आली की त्यांच्यात वेगळाच जोम संचारतो, आपल्याहून मोठे काहीतरी आपल्याला चालवीत आहे असे प्रत्येकाला वाटते. ही शक्ती भ्रम नव्हे, ती समाजाचीच असते, असे दुरखेमचे म्हणणे. वारीत चाललेल्या किंवा ताजियामागून गेलेल्या माणसाला हा अनुभव ओळखीचा वाटेल. त्याचा अर्थ मात्र दुरखेमचाच घ्यावा असे नाही. हाच जोम माणसाला क्रूरही करू शकतो, हेही त्याने नोंदवले आहे. पण त्याच्या विवेचनात समूह बहुधा एकच असतो. शेजारी दुसरा समूह राहत असेल तर काय?

हा प्रश्न आपल्याला भिवंडीत भेटतो. यंत्रमागांच्या या गावात उत्तर प्रदेशातून आलेले मोमीन विणकर आहेत, तेलंगणातून आलेले पद्मशाली आहेत, सुताचे नि कापडाचे व्यापारी आहेत. एकाचे सूत, दुसऱ्याचा माग. तरीही ७ मे १९७० रोजी शिवजयंतीच्या मिरवणुकीच्या वेळी दंगल पेटली. न्यायमूर्ती मादन आयोगाने तिची चौकशी केली. मे १९८४ मध्ये पुन्हा भीषण दंगल झाली. म्हणजे व्यवहारातले परस्परावलंबन असले की सलोखा आपोआप राहतो, हे आपण वर्गात सहजपणे सांगतो ते पुरेसे नाही.

१९८८ साली सुरेश खोपडे हे पोलीस उपायुक्त म्हणून भिवंडीत आले. त्यांनी सुमारे ७० मोहल्ला समित्या उभ्या केल्या. हिंदू-मुसलमान रहिवासी आणि भागातला पोलीस अधिकारी शांततेच्या काळातही नियमित एकत्र बसत, शेजाऱ्यांची भांडणे मिटवीत. आम्हाला यातली मेख इथे दिसते: अफवा आली की ती खरी की खोटी हे विचारायला पलीकडच्या वस्तीतला ओळखीचा माणूस हवा, आणि ती ओळख दंगलीच्या रात्री होत नसते. बाबरी मशीद पडल्यानंतर, डिसेंबर १९९२ आणि जानेवारी १९९३ मध्ये मुंबईत सुमारे ९०० माणसे मेली. भिवंडी शांत राहिली.

राज्यशास्त्रज्ञ आशुतोष वार्ष्णेय यांनी २००२ च्या आपल्या ग्रंथात या अनुभवाची दखल घेतली. भारतातील सहा शहरे जोड्यांनी तपासून त्यांनी मांडले की खेड्यात रोजचा शेजार पुरतो. शहरात मात्र दोन्ही समाजांच्या एकत्र संघटना लागतात. व्यापारी मंडळे, कामगार संघटना, वाचनालये.

यावर एक शंका रास्त आहे. संघटना लोकांच्या असतात. भिवंडीतल्या समित्या पोलिसांनी काढल्या होत्या. ५ जुलै २००६ रोजी कब्रस्तानाजवळच्या नियोजित पोलीस ठाण्यावरून वाद पेटला. पोलिसांच्या गोळीबारात दोघे ठार झाले आणि रात्री जमावाने दोन पोलिसांना ठार मारले. या वेळी भांडण हिंदू-मुसलमानांत नव्हते. ते पोलीस आणि जमाव यांच्यात होते, आणि समित्या ज्या विश्वासावर उभ्या राहिल्या होत्या तोच नेमका तुटला होता.