देवळालीच्या मास्तरांची संख्या

शाळाशाळांमधल्या गणित प्रश्नमंजुषेत एक प्रश्न हमखास असतो : कापरेकर स्थिरांक कोणता? बाकावरून उत्तर येते ६१७४, गुण मिळतो आणि सूत्रसंचालक पुढच्या प्रश्नाकडे वळतात. मला तिथेच थांबावेसे वाटते. ही संख्या पाठ करण्यासाठी जन्मलीच नाही, ती करून पाहण्यासाठी जन्मली आहे.

कोणतीही चार अंकी संख्या घ्या, फक्त चारही अंक सारखे नकोत. तिचे अंक आधी उतरत्या क्रमाने लिहा, मग चढत्या क्रमाने, आणि मोठ्या संख्येतून लहान वजा करा. आलेल्या उत्तरावर हेच पुन्हा करा. आपण १९०५ घेऊ. ९५१० वजा ०१५९ म्हणजे ९३५१. पुढे ९५३१ वजा १३५९, उत्तर ८१७२. मग ८७२१ − १२७८ = ७४४३, ७४४३ − ३४४७ = ३९९६, ९९६३ − ३६९९ = ६२६४, ६६४२ − २४६६ = ४१७६, आणि सातव्या वजाबाकीला ७६४१ − १४६७ = ६१७४. यापुढे कितीही वजाबाक्या करा, ६१७४ हलत नाही. जास्तीत जास्त सात पायऱ्यांत प्रत्येक संख्या इथे येऊन पोचते.

१९०५ मुद्दाम घेतली. ते दत्तात्रेय रामचंद्र कापरेकरांचे जन्मसाल. जन्म डहाणूचा, १७ जानेवारीचा. माध्यमिक शिक्षण ठाण्याला, पुढे पुण्याचे फर्ग्युसन कॉलेज. तिथे असताना १९२७ मध्ये त्यांना गणितातले रँग्लर परांजपे पारितोषिक मिळाले. १९२९ मध्ये ते बी. एस्सी. झाले आणि नाशिकजवळ देवळालीला शाळामास्तर म्हणून रुजू झाले. १९६२ मध्ये निवृत्त होईपर्यंत त्यांनी मास्तरकीच केली. पदव्युत्तर शिक्षण नाही, विद्यापीठातली जागा नाही. वर्गातले तास संपले की कागद, पेन्सिल आणि संख्या.

६१७४ चा हा गुण त्यांनी १९४९ मध्ये मद्रासच्या गणित परिषदेत मांडला. १९५५ मध्ये त्यावरचा त्यांचा लेख ‘स्क्रिप्टा मॅथेमॅटिका’ या अमेरिकी नियतकालिकात छापून आला. तरीही आपल्याकडच्या अनेक गणितज्ञांना हे काम किरकोळ, करमणुकीचे वाटत राहिले. कापरेकर स्वतःच्या छोट्या पुस्तिका छापत राहिले, संमेलनांना जात राहिले. मार्च १९७५ मध्ये मार्टिन गार्डनर यांनी ‘सायंटिफिक अमेरिकन’मधल्या आपल्या सदरात त्यांच्याविषयी लिहिले आणि मग जगभरचे लोक वजाबाक्या करू लागले. तेव्हा कापरेकर सत्तरीला आले होते. इतका उशीर व्हायला नको होता, असे मला मनापासून वाटते.

पण सगळ्या संख्या ६१७४ लाच का येऊन पोचतात? प्रश्नमंजुषेत हा प्रश्न कुणी विचारत नाही, आणि खरी गोडी तर इथेच आहे. मोठ्यात मोठा अंक आधी हजाराच्या घरात असतो, उलट मांडणीत तो एककाच्या घरात जातो. सर्वांत लहान अंकाचे याच्या उलट होते. म्हणून या दोघांतला जो फरक, त्याची ९९९ पट उत्तरात उतरते. मधले दोन अंक शतक आणि दशकाची घरे बदलतात, त्यांच्यातल्या फरकाची ९० पट उतरते. बस्स, एवढेच. मूळ अंक कोणते होते याला काही महत्त्व उरत नाही, दोन फरक तेवढे उरतात. पहिला फरक १ ते ९ मधला आणि दुसरा पहिल्याहून मोठा होऊ शकत नाही, म्हणजे अशा जोड्या भरतात फक्त ५४. ०००१ पासून धरली तर चार अंकी मांडण्या ९,९९० होतात. त्या सगळ्या पहिल्याच वजाबाकीत या ५४ उत्तरांत येऊन बसतात. मग ती तपासायला संगणक कशाला हवा? आठवीतला मुलगा किंवा मुलगी एका बैठकीत वहीवर ती तपासू शकते. आता ६१७४ चे फरक पाहा. ७ आणि १ मध्ये ६, ६ आणि ४ मध्ये २. ९९९ ची सहापट ५,९९४, ९० ची दुप्पट १८०, बेरीज ६१७४. संख्या स्वतःलाच जन्म देते.

करताना एक काळजी मात्र घ्यायची. २१११ घेतली तर २१११ − १११२ = ०९९९. इथे पुढचे शून्य गाळले की ९९९ मधून ९९९ जाऊन हाती काहीच राहत नाही. शून्य ठेवले तर ९९९० − ०९९९ = ८९९१, आणि वाट नीट पुढे जाते.

तीन अंकांसाठी असा मुक्काम आहे ४९५. दोन अंकांना मुक्कामच नाही, ते ०९, ८१, ६३, २७, ४५ असे गोल फिरत राहतात. पाच अंकांचेही तसेच, तिथे फेऱ्याच आहेत. सहा अंकांत मात्र स्वतःवर परतणाऱ्या दोन संख्या सापडतात, ५४९९४५ आणि ६३१७६४.

कापरेकरांची बाकीची लेकरेही अशीच हाताने मोजलेली. ४५ चा वर्ग २०२५, आणि २० अधिक २५ पुन्हा ४५, या झाल्या कापरेकर संख्या. २९७ चा वर्ग ८८२०९, त्यात ८८ अधिक २०९ बरोबर २९७. डेम्लो संख्या हा त्यांचा आणखी एक संख्याप्रकार, त्याला नाव मिळाले ते रेल्वे स्टेशनावरून. आजच्या डोंबिवलीला तेव्हा डेम्लो म्हणत आणि ती कल्पना त्यांना तिथे सुचली. एखाद्या संख्येत तिच्याच अंकांची बेरीज मिळवून नवी संख्या करायची, जसे २१ पासून २४. जी संख्या अशी कुठूनच तयार होत नाही, जसे २०, ३१ किंवा ४२, ती स्वयंभू. तिला देवळाली संख्या असेही म्हणतात. आपल्या अंकांच्या बेरजेने जी नि:शेष भागली जाते तिला त्यांनी हर्षद म्हटले. पुढे १९७७ मध्ये आयव्हन निव्हेन या गणितज्ञाने अशाच संख्यांवर व्याख्यान दिले, म्हणून काही पुस्तकांत त्या निव्हेन संख्या म्हणून भेटतात.

६१७४ ही हर्षदही आहे. अंकांची बेरीज १८, आणि ६१७४ ला १८ ने भागले की येतात ३४३, म्हणजे सातचा घन.