मुक्या जिवांच्या दफनभूमीचा स्वप्नाळू मालक

घरात वाढलेला कुत्रा मरण पावल्यावर त्याच्या कलेवराचे काय करायचे, हा प्रश्न बहुतेक कुटुंबे गाजावाजा न करता कसाबसा सोडवतात. अमेरिकेतील कॅलिफोर्निया राज्याचे रहिवासी फ्लॉइड मॅक्‌क्ल्युअर यांनी मात्र या एका प्रश्नापायी आपली सारी उमेद पणाला लावली. एरॉल मॉरिस यांच्या 'गेट्‌स ऑफ हेवन' (१९७८) या माहितीपटामुळे त्यांची कहाणी जगापुढे आली.

भाड्याच्या जमिनीवरचे स्वप्न

बालपणी मॅक्‌क्ल्युअर यांचा कोली जातीचा लाडका कुत्रा दगावला. ते दुःख ते कधीच विसरले नाहीत. मेलेली जनावरे शिजवून त्यांची चरबी काढणाऱ्या कारखान्यांचा त्यांना मनस्वी तिटकारा होता. माणसाप्रमाणे प्राण्यालाही सन्मानाने निरोप मिळावा, या ध्यासातून त्यांनी सॅन फ्रान्सिस्कोच्या दक्षिणेस असलेल्या लॉस आल्टोस येथे 'फूटहिल' ही पाळीव प्राण्यांची दफनभूमी उभारली. त्यांच्या शब्दावर विश्वास ठेवून काहींनी त्यात पैसा गुंतवला.

परंतु जमीन भाडेपट्ट्याची होती. तो पट्टा हातचा गेला आणि दफनभूमीवर गाशा गुंडाळण्याची वेळ आली. गुंतवणूकदारांचे पैसे बुडाले. आपला प्राणी येथे कायमचा विसावला, असे मानणाऱ्या कुटुंबांच्या वाट्याला मात्र तेच दुःख दुसऱ्यांदा आले. सुमारे ४५० प्राण्यांचे अवशेष उकरून उत्तरेकडील नापा खोऱ्यातील 'बबलिंग वेल पेट मेमोरियल पार्क' येथे हलवण्यात आले. या स्थलांतराची वृत्तपत्रातील बातमी मॉरिस यांच्या वाचनात आली आणि तेथूनच माहितीपटाची सुरुवात झाली.

दुसरा मालक

माहितीपटाचा उत्तरार्ध 'बबलिंग वेल'चे चालक कॅल हार्बर्ट्‌स व त्यांच्या कुटुंबाविषयी आहे. मॅक्‌क्ल्युअर यांना न साधलेला व्यवहार या कुटुंबाला साधला होता. थोरला मुलगा फिल पूर्वी विमा विकत असे. तो यशस्वी जीवनाच्या सूत्रांची भाषा बोलतो. धाकटा डॅन टेकडीवर गिटार वाजवतो. कॅल यांनी तर एका प्रार्थनासंघाचीच स्थापना केली होती. दयाळू परमेश्वर दोन पायांच्या जिवाला स्वर्गात घेईल आणि चार पायांच्याला दारातून परत पाठवील, हे त्यांना पटत नसे. माहितीपटाचे नाव याच विचाराशी जुळणारे आहे.

ना निवेदन, ना निवाडा

मॉरिस यांच्या या पहिल्याच माहितीपटात निवेदक नाही. माणसे कॅमेऱ्यासमोर बसून बोलतात आणि दिग्दर्शक त्यांना बोलू देतो. मॅक्‌क्ल्युअर यांची व्यथा येथे ऐकू येते, तसेच चरबीच्या कारखान्याच्या व्यवस्थापकाचे शांत, व्यवहारी बोलणेही. त्यामुळे कुणाला हा माहितीपट विनोदी वाटतो, तर कुणाला अत्यंत करुण. समीक्षक रॉजर एबर्ट यांनी त्याची गणना सार्वकालिक दहा श्रेष्ठ चित्रपटांत केली. हा माहितीपट पूर्ण झाला तर आपण स्वतःचा बूट खाऊ, असे जर्मन दिग्दर्शक वेर्नर हेर्झोग म्हणाले होते. १९७९ मध्ये बर्कले येथे त्यांनी तो शिजवून खाल्ला आणि लेस ब्लँक यांनी त्या प्रसंगावर लघुपट केला. मॉरिस यांना पुढे 'द फॉग ऑफ वॉर' (२००३) साठी ऑस्कर मिळाले.

दफनभूमी चालवायची म्हणजे मालकी हक्काची जमीन हवी, जमाखर्चाचे भान हवे आणि पुढची पिढीही हवी. हार्बर्ट्‌स यांच्याकडे हे सारे होते. मॅक्‌क्ल्युअर यांच्यापाशी कळवळ्याखेरीज फारसे काही नव्हते. त्यांनी दिलेले चिरविश्रांतीचे वचन त्यांना पाळता आले नाही, हे खरेच. तथापि, नापाच्या टेकडीवर पुन्हा मातीआड झालेल्या त्या ४५० जिवांना माती मिळाली, ती मुळात त्यांच्यामुळेच. ते नसते, तर यांतील कित्येकांची वाट त्या कारखान्याकडेच गेली असती.